बोरठाणचा समुद्रकिनारा

आमच्या बोरठाणला कुत्र्यांची पाटी लागली तेव्हा गावात एकही कुत्रं उरलं नव्हतं.

ह्यांची ग्रामसेवक म्हणून इथं बदली झाली तेव्हा पाच-सहा होती. बिबट्यानं एकेक करून नेली. शेवटचं पंचायतीचा शिपाई बन्सी ह्याचं, ते दिवाळीत गेलं. त्यानंतर राजूरच्या बाजारातून कुणी पिल्लू आणायचं म्हटलं की बन्सी म्हणायचा, "कशाला उगं त्येच्या जेवनाची सोय करता?"

राजूरपासून सात मैल आत, धरणाच्या कडेला आमचं गाव. पुढच्या खोलीत पंचायतीचं ऑफिस आणि मागच्या दोन खोल्यांत आम्ही. मधली भिंत आढ्यापर्यंत पोचलेली नाही. त्यामुळे पंचायतीच्या सगळ्या सभांना मी चुलीपाशी बसून हजर असायची, आणि माझी नऊ महिन्यांची मंजी जेवढा वेळ रडेल तेवढा सभेचा वृत्तांत ह्यांच्या वहीत कोरा राहायचा.

त्या वर्षी, म्हणजे त्र्याहत्तरच्या जानेवारीत, आमचे सरपंच श्रीमंतअण्णा पंचायत समितीच्या अभ्यास सहलीला कोकणात जाऊन आले. अभ्यास कशाचा होता ते कुणी विचारलं नाही. येताना बाकीच्या सरपंचांनी सुकट आणली, अण्णांनी नियम आणला. समुद्राकाठच्या एका गावात त्यांना एक पाटी दिसली होती. ती त्यांनी बसच्या तिकिटामागं उतरवून घेतली, आणि तिकीट पुरेना म्हणून शेजारच्या सरपंचाच्या तिकिटावर पुढं चालू ठेवली.

"मंडळी," अण्णा सभेत म्हणाले, "त्या गावात हाय काय? पानी. त्येबी खारट, तोंडात धरवत न्हाई. आन् मानसं मुंबैवरनं मोटारी करून येत्यात! का येत्यात? मी दोन दिस बारकाईनं बघितलं. आपल्याकडं न्हाई आन् तितं हाय, अशी येकच गोष्ट घावली. पाटी!"

"आन् कुत्री, अण्णा?" बन्सीनं दारातून विचारलं.

"पाटी लागली की येतील."

ठराव एकमतानं मंजूर झाला.

ह्यांचं अक्षर दुसऱ्या दिवशी ह्यांनाच लागत नाही. मी व्हर्नाक्युलर फायनल झालेली, म्हणून ठरावाची पक्की प्रत नेहमी माझ्याकडं यायची. मंजी दुपारची निजली की तास-दीड तास हाताशी लागतो, तेवढ्यात लिहायचं. दोन्ही तिकिटं पुढ्यात ठेवून मी लिहायला घेतलं आणि पहिल्याच ओळीला अडले.

"अहो, समुद्र कुठाय?"

"मजकुरात आहे," हे म्हणाले.

"मजकुरात आहे हो. पण गावात?"

"मंजूर झालेल्या मजकुरात फेरबदल करायचा तर पुन्हा सभा बोलवावी लागते. सभेला गणसंख्या लागते. निम्मी गणसंख्या रस्त्याच्या कामावर खडी फोडायला गेलीय. लिही तू."

लिहिला समुद्र. वर दोरीवर मंजीची दुपटी वाळत होती, त्यांच्या सावलीत बसून मी बोरठाणला समुद्र दिला: 'प्रवाशांनी समुद्रकिनाऱ्यावर आपली कुत्री साखळीशिवाय सोडू नयेत. भरतीच्या वेळी विशेष काळजी घ्यावी. मोकळे कुत्रे आढळल्यास ते ताब्यात घेण्यात येईल व प्रवासी गाव सोडून जाताना परत करण्यात येईल. हुकमावरून.' प्रवासी कुणाला म्हणायचं त्याचाही खुलासा होता. बाहेरगावाहून येऊन गावाच्या हद्दीत एक रात्र वा अधिक मुक्काम करणारी कोणतीही व्यक्ती.

राजूरच्या रंगाऱ्यानं पाटी रंगवली आणि हौसेनं खाली एक शिडाचं जहाजही काढून दिलं. पाटी उभी केली ती धरण भरलं की पाणी जिथवर येतं तिथं. आता तिथं नुसता भेगाळलेला गाळ होता. पाणी तिथून पाऊण मैल आत सरकलं होतं. अण्णांनी स्वतः संगमनेरला जाऊन एक साखळी आणली. ती ह्यांनी जडवस्तूंच्या नोंदवहीत चढवली आणि ऑफिसात कॅलेंडरच्या खिळ्याला अडकवली.

मग गाव प्रवाशांची वाट बघत बसलं. दोन महिन्यांत पाटबंधारे खात्याचे एक ओव्हरसीअर तेवढे आले. त्यांनी पाणी मोजलं, आमच्याकडं चहा घेतला आणि दिवस मावळायच्या आत निघून गेले. त्यांच्याबरोबर कुत्रं नव्हतं. बन्सीनं जीपच्या मागच्या बाजूला जाऊन खात्रीही करून घेतली.

ह्याच दिवसांत, होळीच्या सुमाराला, कडूबाई आली.

ती पाथर्डीकडची. बारा दिवस चालत आली होती. सोबत करडं धरून बावीस शेळ्या, डोळ्यानं अधू झालेला सासरा गोरक्षनाथबाबा आणि एक कुत्रं. नवरा आणि दोन पोरं तिकडंच कामावर राहिली होती. तिकडच्या विहिरींना तळ लागले होते, शेळ्यांना पाजायला पाणी नव्हतं, म्हणून घरातलं जे काही चार पायांवर चालू शकत होतं ते घेऊन ती निघाली. पाणी दिसलं तिथं थांबली. ते आमच्या धरणाचं होतं.

मंजीला माझं दूध पुरत नव्हतं. कडूबाईनं तिसऱ्या दिवशी दारात उभं राहून मंजीकडं बघितलं, काही न विचारता गेली आणि लोटाभर शेळीचं दूध घेऊन आली.

"उकळून पाजा वैनी. आईच्या आदी पळाया लागंल बगा."

तेव्हापासून रोज सकाळी दूध यायचं आणि माझ्याकडून रेशनच्या लाल मिलो ज्वारीच्या चार भाकरी जायच्या. महिनाभरात मंजीच्या मनगटाला वळी पडली. मी ती वळी बोटानं उघडून पुसायची आणि मनात म्हणायची, ही पाथर्डीची आहे.

कुत्र्याचं नाव खंड्या. काळं, दोन्ही डोळ्यांवर एकेक तांबूस ठिपका, आणि गळ्यात खिळे बाहेर काढलेला जाड चामडी पट्टा. तो पट्टा बघून मी मंजीला मागं ओढलं होतं.

"त्यो लेकरासाठी न्हाई वैनी, बिबट्यासाठी हाय," कडूबाई हसून म्हणाली होती. "बिबट्या आदी मानंला धरतो. ह्याला धरला की त्येचंच तोंड फाटतं. मग फुडल्या खेपंला त्यो लांबूनच वळख दाखवून जातो."

आल्या आठवड्यातच तिनं ह्यांच्याकडं दोन गोष्टी मागितल्या होत्या. धरणाच्या दुरुस्तीच्या वेळी बांधलेलं सिमेंटचं गोदाम रिकामं पडलं होतं, पंचायतीच्या ताब्यात होतं. रात्री शेळ्या कोंडायला ते, आणि गायरानात चराई. ह्यांनी सगळं नीट ऐकून घेतलं. मग समजावून सांगितलं की ती दुष्काळग्रस्त आहे ती तिकडच्या तालुक्याच्या यादीत. बोरठाणला धरण असल्यामुळे इथं टंचाई जाहीर झालेली नाही. इथं दुष्काळ नाही म्हटल्यावर दुष्काळग्रस्तही नाहीत, आणि नसलेल्या माणसाला गोदाम कसं देणार?

"बरं," कडूबाई म्हणाली आणि गाळातच शेळ्यांभोवती काट्यांचं कुंपण, वाघूर, करून राहिली. हे त्या रात्री जेवले नाहीत नीट. हे वाईट नाहीत. ह्यांना सगळं समजतं, फक्त ते कुठल्या रकान्यात भरायचं तेवढं समजत नाही.

एप्रिलमध्ये तालुक्याचं पत्र आलं. अण्णांनी तालुक्याच्या बैठकीत पाटीबद्दल इतकं सांगितलं होतं की गटविकास अधिकारी स्वतः येत्या गुरुवारी पाहणीला येणार होते. सोबत छापील तक्ता. आलेले प्रवासी, त्यांची कुत्री, पैकी साखळीत, पैकी मोकळी, केलेली कार्यवाही, प्रवाशांसाठी उपलब्ध सोयी.

ह्यांनी कच्चा तक्ता भरून अण्णांपुढं ठेवला. भिंतीवरून अण्णांचा आवाज आला, "शून्य, शून्य, शून्य, शून्य... ह्ये काय भाऊसाहेब? पंचायतीनं काय अंडी घातल्यात?"

"प्रवासी आलेच नाहीत, अण्णा."

"मग सायेबाला काय दावू? रिकामी साकळी? नियम हाय आन् मोडनारा न्हाई, आसं कुटं आसतंय?"

तक्ता आपटल्याचा आवाज आला. मग बन्सी खाकरला.

"अण्णा, येक हाय की. बाहीरगावची हाय. रात्रीची राहती. कुत्रं तर हायेच, आन् मोकळंबी हाय."

मी चुलीपाशी भाकरी थापत होते. ती तव्यावर टाकायची राहून गेली.

दुसऱ्या दिवशी सकाळी दूध यायला उशीर झाला म्हणून मंजीला कडेवर घेऊन मीच धरणाकडं गेले. बघते तर बन्सी पाटीच्या खांबाला मिठी मारून जहाजाच्या उंचीवर लटकलेला, साखळी गळ्यात, आणि खाली खंड्या. खंड्या भुंकतही नव्हता. नुसता वर बघत उभा होता.

"खाली या दादा, काय करीत न्हाई त्यो," कडूबाई म्हणत होती.

"मी सरकारी कामावर हाय!" बन्सी वरूनच म्हणाला. "तू प्रवासी हायेस."

"म्या?" कडूबाईला खरोखर हसू आलं. "अवो, म्या शेरडं राखती."

"बाहीरगावची हायेस का न्हाई?"

"हाय."

"मुक्काम केलास का न्हाई?"

"केला. दीड म्हैना झाला."

"मंग झालीस प्रवासी. तुजं कुत्रं साकळीबिगर किनाऱ्यावर घावलं. ताब्यात द्यावं लागंल."

कडूबाईनं आजूबाजूला बघितलं. किनारा कुठं दिसतो का ते ती बघत असावी. मग तिनं विचारलं, "परत कवा देताल?"

"गाव सोडून जाशील तवा."

आता ती हसली नाही. तिनं शेळ्यांकडं बघितलं. वाघुरीपाशी उकिडव्या बसलेल्या सासऱ्याकडं बघितलं. मग माझ्याकडं बघितलं, कारण मी भाऊसाहेबांची बायको. मला मान वर करता आली नाही. ते सगळं माझ्याच अक्षरात होतं.

साखळीचा आकडा खिळ्यांच्या पट्ट्याला बसेना. कडूबाईनं स्वतःच पट्टा सोडला, साखळी खंड्याच्या उघड्या मानेला घातली आणि टोक बन्सीपुढं धरलं. बन्सी काही ते हातात घेईना. शेवटी एका कडेवर मंजी आणि दुसऱ्या हातात साखळी, अशी मीच बोरठाणच्या पहिल्या कारवाईचा ऐवज घेऊन गावात आले.

पंचायतीला कोंडवाडा नव्हता, म्हणून खंड्याला आमच्या परसात बांधला. तो धरणाकडं तोंड करून बसला तो बसलाच. भाकरी टाकली, हुंगली नाही. मंजी रांगत गेली, तोंडातला ओला तुकडा काढून तिनं त्याच्या पायाशी ठेवला आणि "घे, घे" करत राहिली. त्यानं तुकडा नाही खाल्ला, तिचा हात तेवढा चाटला. हे ऑफिसच्या खिडकीतून बघत होते. तक्त्यात त्यांनी तेव्हाच चार ठिकाणी एक-एक भरले होते.

मंगळवारी सकाळी कडूबाई दूध घेऊन आली. लोटा निम्मा होता.

"आज कमी हाय वैनी. रातच्याला दोन करडं नेली. त्यांच्या आया पान्हा चोराया लागल्यात."

मी लोटा खाली ठेवला. "बिबट्यानं?"

"व्हय. मामंजींनी डबा वाजविला, पर त्येला काय डब्याची भीती? त्येला ठावं झालंय, कुत्रं न्हाई म्हनून." तिच्या हातात खंड्याचा पट्टा होता, तो ती अंगठ्यानं चोळत होती. "म्या उद्याच्याला निघती. गाव सोडलं की कुत्रं मिळतंय न्हवं?"

"कडूबाई, तिकडं पाणी कुठाय?"

"न्हाई."

"मग?"

"हितं रोज दोन जातील. तितं समद्या येकदम जातील. पर खंड्या तरी संगं आसंल." हे तिनं भांड्याची किंमत सांगावी तसं सांगितलं आणि ऑफिसच्या दाराशी जाऊन उभी राहिली.

आत अण्णा बसले होते. ती उद्या जाणार म्हटल्यावर ते खुर्चीतून उठलेच.

"उद्या? उद्या बुदवार! आगं, सायेब बेस्तरवारी यायचंय. बेस्तरवारी संध्याकाळी जा की!"

"बेस्तरवारपातूर कितीक जातील अण्णा? बिबट्याला वार कळत न्हाई."

"आगं पन गावात येकुलता येक प्रवासी, त्योबी पाहनीच्या आदल्या दिशी उठून गेला तर गावाची आब्रू काय ऱ्हाईल? तुला काय तरास झाला का आमच्या गावात?"

कडूबाईनं हातातला खिळ्यांचा पट्टा नुसता त्यांच्यापुढं धरला.

"भाऊसाहेब, तुमी सांगा की हिला. नियमात बसतंय का आसं जानं?"

"नियमात जाणंच बसतं अण्णा," हे खालच्या आवाजात म्हणाले. "थांबवणं बसत नाही. गेली की कुत्रं परत द्यायचं."

"आन् तक्त्यात?"

"शून्य."

अण्णा खाली बसले. मी तोपर्यंत मधल्या दाराशी आले होते. पदर डोक्यावरून घेतला, मंजीला घट्ट धरलं आणि म्हणाले, "अण्णा, हिला मी ठेवून घेते. पण आजपासून कुत्रं रात्रीचं तिच्याकडं पाहिजे. मोकळं. पट्टा घालून."

"वैनी, नियम हाय."

"नियम किनाऱ्यावरच्या प्रवाशांसाठी आहे. रात्रीचं तिथं बिबट्याशिवाय कोण फिरतंय? त्याला कुत्र्याचा त्रास झाला तर तो तक्रार करील का पंचायतीकडं?"

बन्सी हसला आणि अण्णांनी बघितल्यावर गप्प झाला. अण्णा ह्यांच्याकडं वळले. "कागदात बसतंय का?"

"ठरावात रात्रीचा उल्लेख नाही."

"म्हंजी बसतंय का न्हाई?"

ह्यांनी टाक खाली ठेवला, उचलला, पुन्हा ठेवला. लग्नाला तीन वर्षं झाली होती, पण ह्यांनी माझ्याकडं असं बघितलेलं आठवत नाही. कठीण गणित सुटायला आलेल्या मुलासारखं. "उल्लेख नाही म्हणजे... करता येईल. अहवालात."

"मंग करा! पर सायेब जाईस्तवरच. आन् मला वाचाया लावू नका. सही कुटं करायची तेवडं दावा."

त्या संध्याकाळी दिवस असतानाच मी खंड्याची साखळी सोडली. कडूबाईनं पट्टा आवळला. तो शेतातून सरळ रेषेत गेला, वाटेत वास घ्यायलाही थांबला नाही.

बुधवारी सकाळी लोट्यात जरा जास्त दूध होतं. "काल लांबूनच गेला मेला," कडूबाई म्हणाली. एवढंच. पण गाठोडं बांधलेलं होतं. साहेब येऊन गेले की तिला जायचंच होतं, कारण अण्णांनी शब्द दिला होता तो फक्त साहेब जाईपर्यंतचा, आणि नंतर साखळी पुन्हा खंड्याच्या गळ्यात पडणार हे तिलाही कळत होतं.

दुपारी मंजी निजली. मी पक्का तक्ता लिहायला बसले. प्रवासी एक. कुत्री एक. 'सूर्यास्तानंतर किनारा बंद राहत असल्याने त्या वेळेत साखळीची आवश्यकता नाही. कुत्रे प्रवाशाच्या मालमत्तेच्या रक्षणासाठी मोकळे ठेवण्यात येते.' हे अण्णांच्या परवानगीचं. मग शेवटचा रकाना आला. प्रवाशांसाठी उपलब्ध सोयी. ह्यांनी कच्च्यात लिहिलं होतं, 'निरंक.'

मी त्या शब्दाकडं बघत बसले. पाळण्यात मंजीनं झोपेत ओठ चोखले, रोज दूध पिऊन झाल्यावर करते तसे. मी टाक शाईत बुडवला आणि माझ्या शाळेतल्या वळणदार अक्षरात लिहिलं: 'निवारा: पंचायतीच्या ताब्यातील सिमेंट गोदाम, प्रवाशाचा मुक्काम असेपर्यंत. प्रवाशासोबतच्या जनावरांस गायरानात मोफत चराई.'

हे आले. तक्ता हातात घेतला. वरपासून वाचत खाली गेले, शेवटच्या रकान्याशी थांबले, पुन्हा वर जाऊन खाली आले. मी मंजीच्या पाळण्याची दोरी हलवत होते. मंजी गाढ झोपली होती, हलवायचं काही कारण नव्हतं.

"शाई वाळू दे," हे म्हणाले, "मग सही करतो."

अण्णांनी सांगितल्याप्रमाणे न वाचता सही केली.

गुरुवारी दहाच्या सुमाराला जीप आली. साहेब उंच, पांढऱ्या बुशशर्टातले, घाईतले. आधी पाटी. आम्ही सगळे गाळात उभे, साहेब वाचताहेत. समुद्रकिनारा, भरती, शिडाचं जहाज. बन्सीनं श्वास धरल्याचं मला ऐकू आलं.

"हं," साहेब म्हणाले. "भरतीची वेळ कोण कळवतं?"

"पाटबंधारे खातं, सायेब," अण्णा क्षणाचाही विलंब न लावता म्हणाले.

"छान. खात्यांचा समन्वय हवाच." साहेबांनी टिपून घेतलं.

मग प्रवासी. कडूबाई धुतलेलं लुगडं नेसून उभी होती, एका हातात साखळी, साखळीला खंड्या. मागं वीस शेळ्या आणि गोरक्षनाथबाबा. शेळ्यांना कुणी काही सांगितलं नव्हतं, त्या साहेबांच्या जीपची मागची ताडपत्री खात होत्या.

"कुठून आलात बाई?"

"पाथर्डीकून."

"कशानं?"

"चालत."

"चालत!" साहेब खूश झाले. "बघा सरपंच, शहरातल्या लोकांना हे जमत नाही. पदभ्रमण. आणि मुक्काम किती?"

कडूबाईनं माझ्याकडं बघितलं. ह्या वेळी मी मान वर ठेवली. हलकेच डोळ्यांनी 'सांग' म्हटलं.

"पाऊस पडंस्तवर," ती म्हणाली.

"म्हणजे पूर्ण हंगाम! उत्तम." साहेबांनी तक्ता उघडला आणि मोठ्यानं वाचायला लागले. प्रवासी एक, कुत्री एक, सूर्यास्तानंतर मोकळे. "हे विचारपूर्वक आहे." मग शेवटचा रकाना. "निवारा, सिमेंट गोदाम, मुक्काम असेपर्यंत... जनावरांस गायरानात मोफत चराई..."

अण्णांचं तोंड उघडलं. त्यांनी ह्यांच्याकडं बघितलं. हे धरणाच्या भिंतीकडं बघत होते, जणू तिला आजच काही तडे गेलेत.

साहेबांनी चष्मा काढला. "सरपंच, तालुक्यात सत्तर-ऐंशी ग्रामपंचायती आहेत. प्रवाशाच्या जनावरांचा विचार केलेली ही पहिली. बाई, मिळालं ना गोदाम?"

जीपची ताडपत्री फाटल्याचा आवाज तेवढा आला.

"आजपासून सायेब," अण्णा म्हणाले. त्यांचा आवाज खोल विहिरीतून आल्यासारखा होता. "किल्ली... बन्सी, किल्ली आन की रं! बगतोस काय?"

साहेबांनी जागच्या जागी, पाटीच्या खांबावर कागद टेकवून, सही केली. 'इतर गावांनी अनुकरण करावे,' असा शेराही मारला.

जीप गेल्यावर अण्णा ह्यांच्याजवळ आले. "भाऊसाहेब, त्यो शेवटचा रकाना काडून टाका. चुकून पडला आसंल."

"साहेबांची सही झाली अण्णा. शेरा पण आहे."

"मग म्या काय करू? बाकीच्या गावचं दुष्काळी आलं तर समद्यांना गोदाम देऊ?"

"दुष्काळी आले तर नाही देता येणार," हे गंभीरपणे म्हणाले. "प्रवासी आले तर द्यावं लागेल."

अण्णांनी वळून पाटीकडं बघितलं. मग त्यांच्या चेहऱ्यावर काहीतरी उजळलं. "म्हंजी पाटीनं मानसं येतात ह्ये खरंच की!" असं म्हणून ते समाधानानं घरी गेले. संगमनेरहून आणखी तीन साखळ्या आणायच्या का, ते त्यांनी जाता जाता बन्सीला विचारलं.

मी आणि कडूबाई गोदाम झाडायला गेलो. आत सिमेंटची धूळ होती, पण दाराला आतून कडी होती. शेळ्या आत घातल्या तेव्हा एकही मागं वळली नाही. खंड्या उंबऱ्यावर आडवा पडला. कडूबाईनं त्याची साखळी काढून माझ्या हातात दिली, ती पंचायतीची होती म्हणून.

संध्याकाळ व्हायला अजून अवकाश होता. आम्ही दोघी गोदामाच्या पायरीवर टेकलो, मंजी आमच्या मध्ये.

"वैनी," कडूबाई हळूच म्हणाली, कुणी ऐकत नाही ना ते इकडंतिकडं बघून, "आता कागदावर म्या प्रवासी झाले. पर मला ठावं न्हाई. प्रवाशानं काय करायचं आसतं?"

"काही नाही गं. निवांत बसायचं. पाणी बघायचं."

ती धरणाकडं वळून बसली. पदर खांद्यावरून घसरला होता तोही तिनं सावरला नाही.

"येवढंच?" मग ती म्हणाली. "बसती मंग."